भुसावळ ते पिंपळनेर: दोन म्हाताऱ्यांचा सिनेमा आणि मी पळवलेले दोन रोट

भुसावळहून पिंपळनेरला स्कूटरवर जाता येतं का, असं कुणी विचारलं तर माझं उत्तर हो. दोनशेच्या आसपास किलोमीटर, रस्ता बहुतेक चौपदरी, मध्ये जेवायला ढाबे भरपूर. प्रेमात पडून जाता येतं का, असं विचाराल तर तेही जाता येतं. येताना मात्र वेगळाच माणूस परत येतो आणि त्याची कंबरही दुखत असते.

आधी मी कोण ते सांगतो. जळगावात इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला हजेरीवरून सरांशी वाद घातला, त्यांच्या टेबलावर माझी फाईल आपटली आणि बाहेर पडलो. सर मागे बोलवायला येतील म्हणून गेटजवळ वीस मिनिटं थांबलो होतो. कुणी आलं नाही. तेव्हापासून भुसावळला खोली घेऊन लग्नांचं व्हिडिओ शूटिंग करतो. तिथेच जिन्सी भेटली. तिचे वडील रेल्वेत, मूळचे केरळचे. ती जन्मली मात्र भुसावळच्या रेल्वे क्वार्टरमध्ये. मराठी माझ्यापेक्षा स्वच्छ बोलते, भांडते हिंदीत आणि फोकस माझ्याआधी लावते. एका हळदीच्या शूटिंगमध्ये तिने मला "बाजूला हो, सावली पडतेय" असं म्हटलं आणि मी त्याच क्षणी संपलो.

जिन्सीला स्वतःची शॉर्टफिल्म करायची होती. पैसा नाही, नट नाहीत, विषय हवा होता. मी तिला आमच्या नानांची गोष्ट सांगितली. नाना म्हणजे माझ्या वडिलांचे काका. पारोळ्यात राहतात, आयुष्यभर लाल गाडीचे ड्रायव्हर होते. पिंपळनेरच्या पुढे डोंगरातल्या एका गावात त्यांची गाडी मुक्कामाला असायची. गाडीत डास फोडून खायचे, म्हणून ते काशीरामबाबांच्या ओट्यावर झोपायला लागले. काशीरामबाबा कोकणा समाजाचे. नागली, म्हणजे नाचणी, पिकवायची, जंगलातून बांबू आणायचा आणि डोंगऱ्या देवाच्या उत्सवात पावरी वाजवायची, हे त्यांचं आयुष्य. नानांची भाषा अहिराणी, बाबांची कोकणी, आणि दोघांनाही एकमेकांचं अर्धंच कळायचं. त्या अर्ध्यावर चाळीस वर्षं दोस्ती चालली. नाना निवृत्त झाले, तरी मार्गशीर्षात डोंगऱ्या देवाला ते तिकडे जातात आणि श्रावणात कानबाईच्या सणाला बाबा पारोळ्याला येतात.

जिन्सीचे डोळे चमकले. मला एवढंच पुरे होतं. मी पुढे जाऊन शेवटसुद्धा बनवून टाकला. कानबाईचा रोट, म्हणजे नैवेद्याची जाड पोळी, फक्त भाऊबंदांनी खायचा असतो. बाहेरच्याला तो देत नाहीत. आमच्या सिनेमाच्या शेवटी नाना स्वतःच्या हाताने रोट मोडून बाबांना देतात, चाळीस वर्षांची भिंत कोसळते आणि पडदा काळा होतो.

"नाना करतील हे?" जिन्सीने विचारलं.

"माझ्यावर सोड," मी म्हणालो. नानांना विचारलेलं नव्हतं.

सिनेमा झाला की ती पुढच्या शिक्षणासाठी पुण्याला अर्ज करणार होती. म्हणजे माझ्याकडे शूटिंगचे तीन दिवस होते. तो शॉट मिळाला तर ती माझ्याकडे बघेल, असं माझं साधं गणित होतं. गणितात मी आधीपासूनच कच्चा.

शनिवारी सकाळी सातला निघालो. स्कूटर तिच्या वडिलांची, चालवणार ती. माझी बाईक मागच्याच आठवड्यात एका रिक्षावाल्याशी तावातावाने बोलताना स्टँडवरून पडली होती. मी मागे, पाठीवर कॅमेऱ्याची बॅग आणि मांडीवर आडवा ट्रायपॉड. नशिराबादजवळ एका ट्रॅक्टरवाल्याने ओरडून विचारलं, "काय भाऊ, बंदूक घेऊन कुठे चालले?" जिन्सी इतकी हसली की गाडी हलली.

जळगावात शहरातून जाऊ नका, बायपास घ्या. आम्ही मुद्दाम शहरात शिरलो कारण जिन्सीला कचोरी हवी होती. माझ्या कॉलेजच्या रस्त्यावर तिने गाडी हळू केली आणि म्हणाली, "सर दिसतात का बघ, सोडायला येतील." ही गेटची गोष्ट मी तिला एकदा भावुक होऊन सांगितली होती. प्रेमात असाल तर अशा गोष्टी सांगू नका. त्या वापरल्या जातात.

एरंडोलच्या अलीकडे ढाब्यावर शेवभाजी खाल्ली. बाहेरून येणाऱ्यांसाठी सूचना: "मिडियम तिखट" असं म्हणू नका, खानदेशात त्याला अर्थ नाही. "कमी" म्हणा आणि तरीही ताकाचा ग्लास जवळ ठेवा. जिन्सीने भाकरी चुरून रश्श्यात टाकली आणि शांतपणे संपवली. मी नाक पुसत होतो. वेटरने माझ्याकडे बघून तिला विचारलं, "पाहुना बाहेरगावना शे का?"

दुपारी पारोळ्यात पोचलो. वेळ असेल तर किल्ला बघा. बुरुजावरून पूर्ण गाव दिसतं. आम्ही घरी गेलो. नाना दारातच उभे होते.

"उनात का रे," ते म्हणाले, म्हणजे आलात का. मग माझ्याकडून स्कूटरकडे आणि स्कूटरकडून जिन्सीकडे बघितलं. "गाडी पोर चालाडस आन तू मांगे बसस?"

"नाना, ट्रायपॉड होता."

"हा, हा. ट्रायपॉड व्हता." सगळी गल्ली हसली.

रविवार कानबाईचा. ज्यांनी हा सण पाहिला नाही त्यांनी एकदा नागपंचमीनंतरच्या रविवारी खानदेशात कुणाच्या तरी घरी ओळख काढून यावं. चौरंगावर नारळाची कानबाई, अंगावर दागिने, नाकात नथ, वर बांबूच्या मांडवाला टांगलेला पुऱ्या-करंज्यांचा फुलोरा. गंगाफळाच्या, म्हणजे लाल भोपळ्याच्या, भाजीचा वास गल्लीच्या टोकापर्यंत येतो. घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ गहू काढायचे, त्याच पिठाचे जाड रोट करायचे आणि ते सगळ्या भाऊबंदांनी मिळून खाऊन संपवायचे. कुणी सुरतेहून येतं, कुणी नाशिकहून. रोटासाठी रजा मिळत नसेल तर आमच्याकडे माणसं खोटा ताप आणतात.

काशीरामबाबा सकाळच्या गाडीने आले. डोक्याला टोपी, खांद्यावर गोणी, गोणीत नागलीचं पीठ आणि बांबूचे कोवळे कोंब. नानांनी गोणी उतरवून घेतली आणि म्हणाले, "इतका उशीर?" बाबा म्हणाले, "ड्रायव्हर नवा होता. तुझ्यासारखा पळवत नाही." यानंतर दोघं तासभर काहीही न बोलता शेजारी बसले. जिन्सीने तो तासभर कॅमेरा बंद केला नाही. मला कंटाळा आला होता. ती मात्र श्वास रोखून बघत होती. तेव्हा मला तिच्यातलं आणि माझ्यातलं अंतर कळायला हवं होतं.

जेवायची वेळ झाली. मी नानांना बाजूला घेतलं नाही. तसं करणारा माणूस मी असतो तर आज इंजिनिअर असतो. भर पंगतीत, वीस-पंचवीस भाऊबंदांसमोर मी म्हणालो, "नाना, एक शॉट हवाय. तुम्ही बाबांना रोट द्यायचा."

पंगत थांबली.

"नही," नाना म्हणाले. "बाकी बठ्ठं खाय तो. रोट नही."

जिन्सी दाराजवळ कॅमेरा घेऊन उभी होती. तिच्यासमोर हरायचं नव्हतं. मी आवाज चढवला. चाळीस वर्षांचा दोस्त, त्याला तुम्ही बाहेरचा समजता, हा भेदभाव आहे, लाज वाटली पाहिजे, वगैरे. भाषण चांगलं झालं होतं. कॉलेजात एवढं बोललो असतो तर निवडून आलो असतो.

नानांनी ऐकून घेतलं. मग बोट दाखवून म्हणाले, "दख. तुन्ही आत्या कोठे बठेल शे?"

आत्या, म्हणजे नानांची एकुलती एक मुलगी, धुळ्याला दिलेली. ती ओसरीवर काशीरामबाबांच्या शेजारी बसून खीर खात होती. लग्न होऊन गेलेल्या लेकीला रोट नसतो. हे मला लहानपणापासून माहीत होतं.

"मन्ही सगी पोर शे. तिलेबी नही," नाना म्हणाले. "आते बस आन जेव."

आत्या लांबून म्हणाली, "भूषण, माझ्यासाठी पण भाषण कर ना रे!" पंगतीत हशा पिकला. पारोळ्यात भेदभाव नाही असं मी म्हणणार नाही. पण त्या दुपारी मी चुकीच्या दारावर दगड मारला होता. हे आता कळतं. तेव्हा फक्त एवढं दिसलं की जिन्सीही हसतेय. डोकं फिरलं. मी ताटावरून उठलो, मागच्या खोलीत गेलो आणि टोपल्यातले दोन रोट रुमालात गुंडाळून ट्रायपॉडच्या पिशवीत टाकले. नाना देत नाहीत ना? मग डोंगरात जाऊन मीच देईन.

सोमवारी सकाळी कानबाई वाजतगाजत नदीला गेली. नंतर नाना आणि बाबा बसने पिंपळनेरकडे निघाले, कारण ओट्यावरचा भाग तिथे शूट करायचा होता. आम्ही स्कूटरवर मागोमाग.

धुळ्यात गर्दी ठरलेली, चहा पिऊन पुढे सटकायचं. धुळ्याहून साक्रीचा रस्ता धरला की हळूहळू डोंगर जवळ येतात. साक्रीच्या परिसरात माळावर पवनचक्क्या दिसतात. लांबून खेळणी वाटतात, जवळ गेलं की एका पात्याखाली आपलं पूर्ण घर मावेल असं वाटतं. श्रावणात सगळं हिरवं आणि पवनचक्क्या पांढऱ्या. फोटोसाठी इथे थांबाच. आम्हीही थांबलो, भुरभुर सुरू झाली म्हणून एका बंद टपरीच्या पत्र्याखाली.

"भूक लागली रे," जिन्सी म्हणाली. "काही आहे का?"

आसपास काही नव्हतं. पिशवीत दोन रोट होते. शॉटला एक पुरला असता. आणि समोर पवनचक्क्या, पाऊस, पत्रा, ती. मी रुमाल सोडला.

"हे काय?"

"घरची पोळी. जाड असते."

मी तुकडा मोडून तिला दिला. तिने खाल्ला, आवडला, अजून मागितला. मी देत राहिलो. एक संपला, दुसऱ्यातला अर्धा गेला. ती म्हणाली, "तुझ्या घरचे लोक भारी आहेत." मला वाटलं लग्नच ठरलं. पुढचे तीस किलोमीटर मी मागच्या सीटवर बसून आमच्या मुलांची नावं ठरवत होतो.

पिंपळनेरला पेट्रोल भरून घ्या आणि हातात रोख ठेवा. पुढे दोन्ही मिळेलच असं नाही. गावापर्यंतचा शेवटचा रस्ता अरुंद, वळणांचा, मध्ये फरशी पूल. मोबाइलची रेंज जाते, ही चांगली गोष्ट आहे. साडेचारला पोचलो. कुडाचं घर, शेणाने सारवलेला ओटा, समोर भाताचं खाचर. दोघे म्हातारे आमच्या आधी पोचून चहा पीत होते.

उजेड सुंदर होता. जिन्सीने फ्रेम लावली. बाबांच्या सुनेने दोन थाळ्या आणल्या, नागलीची भाकरी आणि उडदाची डाळ. "रोल," जिन्सी म्हणाली. आणि मी फ्रेमच्या कडेने हात घालून, रुमालातला अर्धा रोट बाबांच्या थाळीत ठेवला.

नानांनी तो पाहिला. त्यांचा चेहरा मी याआधी असा कधी पाहिला नव्हता. अगदी फाईल आपटल्यावर सरांचा झाला होता तसाही नव्हता. तो रागावलेला नव्हता, घाबरलेला होता.

बाबांनी रोटाकडे बघितलं, नानांकडे बघितलं आणि थाळी दोन्ही हातांनी उचलून नानांच्या पुढ्यात ठेवली.

"हे तुझ्या देवीचं," ते म्हणाले.

मी मध्ये पडलो. "बाबा, खा ना. काही होत नाही. एवढ्या वर्षांची दोस्ती आहे तुमची."

"म्हणून तर," बाबा म्हणाले. त्यांनी मागे घराकडे हात केला. "आतल्या खोलीत आमची कणसरी आहे. दाण्याची देवी. नाना इतकी वर्षं इथे झोपला. कधी आत गेला नाही. मी बोलावलं नाही, त्याने विचारलं नाही. पाऊस ओट्यावर यायचा तरी नाही. असा माणूस आहे म्हणून मी त्याला जागा देतो. तू मला त्याच्यापुढे चोर का करतोस पोरा?"

मी अर्धा रोट थाळीतून उचलून परत रुमालात ठेवला.

मग नानांनी रुमाल उचलून पाहिला. "भूषण, टोपलामातून दोन रोट गयात. आठे आर्धा शे. बाकीना कोनी खादा?"

जिन्सीने कॅमेऱ्यामागून हळूच हात वर केला. "मी. हा म्हणाला घरची पोळी आहे."

काशीरामबाबा पहिले हसले. इतके हसले की खांबाला धरावं लागलं. नाना हसले नाहीत. हा कायद्याचा प्रश्न होता. दाढी खाजवत ते म्हणाले, रोट पोटात गेला म्हणजे ती बाहेरची राहिली नाही. घरातल्या बाईमाणसाला रोट दोनच प्रकारे मिळतो. एक तर ती घरची सून, नाहीतर घरची लग्न न झालेली लेक.

पहिला शब्द ऐकून माझं काळीज कुठल्या कुठे उडालं, ते लिहिता येत नाही.

"तुन्हं लगीन व्हयेल शे का, बेटा?" नानांनी विचारलं.

"नाही, नाना."

"मंग सून नही. मंग पोर." त्यांनी माझ्याकडे बोट केलं. "आन हाऊ तुन्हा भाऊ."

"नाना, घाई नको," मी म्हणालो. "तिला विचारा तरी!"

जिन्सी माझ्याकडे वळली. तीन दिवसांचं सगळं, पवनचक्क्यांसकट, तिला एकदम उलगडलं असावं. "विचारा?" ती म्हणाली. "तू मला विचारलंस? नानांना विचारलंस? बाबांना?" आणि मग नानांकडे बघून, अगदी गोड आवाजात: "मला पोर चालेल, नाना."

बाबांनी पुन्हा खांब धरला.

मुक्काम ओट्यावरच होता. सकाळी परतीला निघालो. परतीच्या प्रवासाचं वर्णन थोडक्यात: पाऊस, पाठ, शांतता. धुळ्यात चहाच्या टपरीवर ती पहिल्यांदा बोलली. "कॅमेरा चालू होता. बाबांनी थाळी सरकवली तो शॉट आहे माझ्याकडे. तोच शेवट." मी म्हणालो, छान. ती म्हणाली, "तुझा हात पण आलाय फ्रेममध्ये. तो राहणार."

भुसावळला संध्याकाळी पोचलो. माझ्या खोलीखाली तिने गाडी थांबवली. मी उतरलो, ट्रायपॉड खाली ठेवला आणि पहिल्यांदा, जे आधी करायचं होतं ते केलं. तिला विचारलं. नीट, सरळ, भाषण न करता.

"नाही रे," ती म्हणाली.

एवढंच. मला वाटलं होतं आभाळ वगैरे कोसळेल. कोसळलं नाही. खालच्या किराणावाल्याने शटर ओढलं, तिने हेल्मेट घातलं आणि गेली. मी दोन दिवस खोलीतून बाहेर पडलो नाही. राखीपौर्णिमा आठवड्यावर आली होती, म्हणून फोनही बंद ठेवला. तिसऱ्या दिवशी चालू केला तर तिचे नऊ मेसेज. सगळे एकाच विषयाचे: एडिटिंगला कधी येतोस, नानांची अहिराणी मला अर्धीच कळते, खाली मराठी ओळी कोण लिहिणार?

गेलो. तिचं पुण्याचं नक्की होईपर्यंत रोज संध्याकाळी तिच्या घरी जातो. हेडफोनमध्ये दोन म्हातारे गप्प बसलेले ऐकतो. तो तासभराचा कंटाळवाणा भाग तिने चार मिनिटांचा केलाय आणि आता मला त्यात एकही सेकंद कमी नकोसा वाटतो. अजून दुखतं, विशेषतः ती "बाजूला हो" म्हणते तेव्हा. पण बाजूला होता येतं. हे मला आधी येत नव्हतं.

काल तिच्या आईने आमच्यासमोर दोन ताटल्या ठेवल्या, वाफाळलेला तांदळाचा पुट्टू आणि काळ्या हरभऱ्याची भाजी. मी हात पुढे केला आणि तसाच मागे घेतला.

"आंटी," मी विचारलं, "हे मी खाल्लं तर चालतं ना?"